रोज सकाळी पळायला जायचा उत्साह कसा टिकवायचा? त्यात मजा येते तरी का?

तुम्ही लिहिलंय की गजर लावून उठता, आठवडाभर पळता आणि मग पांघरूण जिंकतं. लोक म्हणतात ती मजा काही येत नाही. माझ्या मते प्रश्न इच्छाशक्तीचा नाहीच. तुम्ही बहुतेक फार जोरात पळताय.

नवीन पळणारे बहुतेक जण हेच करतात. बाहेर पडले की सुसाट सुटतात, तीन मिनिटांत धाप लागते, बरगडीखाली कळ येते आणि उरलेला वेळ 'कधी संपतंय' यात जातो. रोज असा छळ होणार असेल तर पहाटे उठणार कोण?

वेग किती हवा? पळता पळता पूर्ण वाक्य बोलता येईल इतकाच. सोबतीला कुणी नसेल तर स्वतःशी मोठ्याने बोला (लोक बघतील, बघू द्या). वाक्य मध्येच तुटलं की वेग कमी करा, तरीही तुटलं तर सरळ चाला. चालण्यात कमीपणा अजिबात नाही. जेफ गॅलोवे १९७२ च्या म्युनिक ऑलिंपिकमध्ये १०,००० मीटर धावले. त्यांनीच पुढे 'थोडं पळा, थोडं चाला, पुन्हा पळा' ही पद्धत लोकप्रिय केली. दमल्यावर नव्हे, दमायच्या आधीच चालायचं, हा त्यातला मुद्दा.

दुसरं म्हणजे पहिल्या दहा मिनिटांवरून काही ठरवू नका. झोपेतून उठल्यावर शरीराचं तापमान उतरलेलं असतं, डोकंही अर्धवट झोपेत असतं. मी इतकी वर्षं पळतोय, तरी सुरुवातीला घोटे कुरकुरतात, पोटऱ्या ताठ असतात, एका बुटाची नाडी उगाच जास्त आवळल्यासारखी वाटते. मग कधीतरी श्वास पावलांशी जुळतो: तीन पावलांत आत, तीन पावलांत बाहेर. तिथून पुढे पाय आपोआप पडतात आणि नजर आजूबाजूला जायला लागते. तुम्ही विचारताय ती मजा ही, आणि ती धापा टाकत पळणाऱ्याला सापडत नाही.

'२१ दिवस करा, सवय लागते' हेही डोक्यातून काढा. लंडनच्या युनिव्हर्सिटी कॉलेजमधल्या संशोधकांनी २०१० साली प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात नवी सवय अंगवळणी पडायला सरासरी ६६ दिवस लागले. कुणाला १८ पुरले, तर कुणाच्या बाबतीत अंदाज २५४ पर्यंत गेला. त्यातच असंही दिसलं की एखादा दिवस चुकल्याने फारसं बिघडत नाही. तेव्हा खाडा झाला म्हणून सगळंच सोडून देऊ नका.

रोज पळायलाच हवं असंही नाही. सुरुवातीला एक दिवस आड पुरे, नाहीतर नडग्या दुखायला लागतात. मधल्या दिवशी त्याच वेळी उठून नुसतं फिरून या, म्हणजे उठायची वेळ मोडत नाही. कपडे-बूट रात्रीच काढून ठेवा हे सगळेच सांगतात, ते बरोबरच आहे. पण रात्री बारापर्यंत मोबाइल बघत बसलात तर त्या बुटांचा काही उपयोग नाही.

वेगाची हौस असेलच तर दोन-तीन महिन्यांनी आठवड्यातला एक दिवस तिच्यासाठी ठेवा. बाकीच्या दिवशी ॲपमधली जी बाई दर किलोमीटरला तुमचा वेग सांगते, तिला गप्प करून टाका.