सिंगलमधून डबलमध्ये

अगं, तुझं पत्र वाचलं. कोचनी सिंगल, म्हणजे एकटीने वल्हवायची शर्यतीची बोट, काढून घेतली, डबलमध्ये, म्हणजे दोघींच्या बोटीत, बसवलं, म्हणजे आपल्याला खालच्या पायरीवर आणलं, असं तुझ्या मनाने घेतलंय. चिडली आहेस, चीड. पण बोट सोडायच्या आधी वल्हवणाऱ्या जॅक बेरसफोर्डची कारकीर्द एकदा नीट बघ.

लंडनच्या चिझिकमधला हा माणूस, जन्म १८९९चा. पहिल्या महायुद्धात फ्रान्समध्ये पायाला जखम झाली, रग्बी सुटलं आणि पायात बळ यावं म्हणून त्याने वल्ही धरली. १९२०मध्ये त्याने इंग्लंडमधल्या हेन्लीच्या नामांकित स्पर्धेतली एकट्याच्या बोटीची शर्यत, डायमंड स्कल्स, जिंकली. त्याच वर्षी अँटवर्प ऑलिम्पिकच्या सिंगलमध्ये अमेरिकेच्या जॉन केलीने त्याला एका सेकंदाने हरवलं. त्या केलीला हेन्लीने प्रवेशच नाकारला होता. त्याच्या क्लबशी जुना वाद होता, शिवाय तो वीटकाम करून वर आलेला, आणि हातांनी काम करून पोट भरणारा ‘हौशी’ नाही, असा तेव्हाचा नियम होता. हा नियम १९३७पर्यंत टिकला. बेरसफोर्डचं कौतुक करताना हे विसरू नकोस. घरचा फर्निचरचा धंदा, सरावासाठी सवड मागायची ती वडिलांकडे, आणि वडील स्वतः १९१२चे ऑलिम्पिक रौप्यपदकवाले! तुझं तसं नाही. त्याच्या तासांशी स्वतःचे तास ताडून बघू नकोस.

१९२४ला पॅरिसमध्ये तो प्राथमिक फेरीत गिलमोर नावाच्या अमेरिकनकडून हरला, रेपेशाजमधून, म्हणजे हरलेल्यांना मिळणाऱ्या दुसऱ्या संधीच्या फेरीतून, परत आला आणि फायनलमध्ये त्याच गिलमोरला मागे टाकून सुवर्ण घेतलं. इथपर्यंत तो तुझ्यासारखाच, एकट्याच्या बोटीतला. आता पुढचं बघ. १९२८ला आठ जणांच्या बोटीत रौप्य. १९३२ला लॉस एंजेलिसमध्ये कॉक्सलेस फोरमध्ये, म्हणजे सुकाणूवाला नसलेल्या चौघांच्या बोटीत, सुवर्ण. १९३६ला डिक साउथवुडबरोबर डबलमध्ये पुन्हा सुवर्ण, तेही सदतिसाव्या वर्षी. सिंगलमध्ये प्रत्येक हातात एक वल्हं, आठ जणांच्या बोटीत तर दोन्ही हातांत मिळून एकच वल्हं, म्हणजे शरीराला लागलेली सवयच बदलायची. सलग पाच ऑलिम्पिकमध्ये पाच पदकं आली, कारण जागा बदलली तरी माणूस सराव करत राहिला.

बर्लिनची शर्यत जरूर वाच. यांची बोट रेल्वेने जाताना गहाळ झाली आणि मोठ्या शोधाशोधीनंतर सापडली. मार्गदर्शक एरिक फेल्प्स, पैसे घेऊन वल्हवणारा व्यावसायिक, म्हणजे हेन्लीच्या लेखी स्पर्धेला अपात्र! हौशी मंडळींना शिकवायला मात्र तो चालत होता. फायनलमध्ये जर्मन जोडी पुढे होती. या दोघांनी धीर सोडला नाही, अंतर कमी करत नेलं आणि शेवटच्या टप्प्यात तिला मागे टाकलं.

सिंगलमध्ये चूक झाली तर ती तुझी एकटीची, दुरुस्तीही तुझीच. डबलमध्ये दुसरीची वल्ही पाण्यात कधी शिरतात, ते पाठीला कळायला लागतं. म्हणून पहिले काही आठवडे वेग मोजू नका. कमी स्ट्रोक रेटला, म्हणजे मिनिटाला कमी वेळा वल्हं मारत, लांब अंतर मारा, चारही वल्ही एकदम आत, एकदम बाहेर. पार्टनर तुझ्यापेक्षा हळू आहे म्हणतेस. असेल. पण दोघी मिळून किती हळू, हे अजून कुणी बघितलंय?

तुझ्या शिफ्टच्या वेळा कळव, तिच्याही. दोघींना जमेल अशी सकाळ निघते का, ते मी कोचशी बोलून बघतो.