१० मेचं लग्न, पत्रिका कधी वाटायच्या?

तुमचा पेच थोडक्यात असा: लग्न १० मेला, हॉल ठाण्याच्या नौपाड्यात. बाबा म्हणतात महिनाभर आधी पत्रिका दिल्या की झालं, आणि रत्नागिरीची सासरकडची मंडळी आतापासूनच "पत्रिका कुठाय?" म्हणून मागे लागली आहेत. माझ्या मते दोघांचंही बरोबर आहे. रत्नागिरीकरांना खरं तर पत्रिका नकोच आहे, त्यांना गाडीची तिकिटं काढायची आहेत. तेव्हा तारीख आज कळवा, पत्रिका सावकाश छापा.

तिकिटांचं गणित आधी बघू. १ नोव्हेंबर २०२४ पासून रेल्वेचं आरक्षण १२० ऐवजी ६० दिवस आधी उघडतं, प्रवासाचा दिवस सोडून. म्हणजे ८ मेला निघणाऱ्यांचं आरक्षण ९ मार्चला सकाळी आठला सुरू होईल आणि ११ मेला परत जाणाऱ्यांचं १२ मार्चला. (रात्रीची गाडी असेल तर ती मूळ स्टेशनातून कुठल्या तारखेला सुटते ते बघा, दिवस त्यावरून मोजतात.) इकडे येण्यापेक्षा परतीचं तिकीट अवघड जाईल, कारण मे महिन्यात अख्खी मुंबई-ठाणे सुट्टीला कोकणात निघते. त्या गर्दीत आठ-दहा जणांची तिकिटं उशिरा काढायला गेलं की वेटिंगच हातात येतं. फेब्रुवारी संपायच्या आत तिकडच्या प्रत्येक घरी फोन गेलाच पाहिजे, आणि फोनवर तारखेबरोबर मुहूर्ताची वेळ, हळद कधी, राहायची सोय कुठे एवढंही सांगा. त्यावरच ते ठरवतात की आदल्या दिवशी यायचं की दोन दिवस आधी. परदेशात कोणी असेल तर त्यांना हॉलची पावती हातात आली त्याच दिवशी कळवायला हवं होतं. राहिलं असेल तर आज कळवा.

मग पत्रिकाही तेव्हाच का छापू नयेत? जुनी माणसं लवकर छापायला नको म्हणतात त्यामागे व्यवहार असतो. घरात कोणी फार थकलेलं असेल, सुतक आलं, तर मुहूर्त पुढे जातो आणि छापलेला गठ्ठा रद्दीत. तोंडी दिलेली तारीख बदलता येते. शिवाय दोन महिने आधी दिलेली पत्रिका टीव्हीखालच्या कप्प्यात जाते आणि लग्नाच्या आठवड्यात "अहो, मुहूर्त किती वाजताचा?" असा फोन येतोच. त्यामुळे मार्चअखेर पत्रिका छापून हातात, एप्रिलच्या पहिल्या आठवड्यापासून वाटप आणि २५ एप्रिलपर्यंत सगळं संपलेलं, असं मी धरेन. याहून उशीर केलात तर केळवणांची पंचाईत होते. काकू, मावशी, आत्या सगळ्यांना शनिवार-रविवारच हवा असतो, आणि ते तुमच्याकडे मोजकेच उरणार.

वाटपाचा क्रम मात्र सांभाळा. पहिली कुलदैवताला, मग ग्रामदैवताला, मग आजोळी मामाकडे, मग चुलते-आत्या. ही मानाची घरं प्रत्यक्ष जाऊन, अक्षता देऊन करायची. हे होईपर्यंत व्हॉट्सॲपवर पीडीएफ फिरवू नका. आमच्या नात्यात एका काकांना पुतणीची पत्रिका कोणाच्या तरी स्टेटसवर आधी दिसली. लग्नाला आले, जेवले, पण तो विषय अजून निघतो. ऑफिस, सोसायटी, कॉलेजची मंडळी यांना पीडीएफ आणि हॉलचं लोकेशन पुरे, तेही लग्नाच्या तीन आठवडे आधी. आजकाल त्यात कोणी वाईट वाटून घेत नाही.

ठाण्यात पत्रिका वाटणं म्हणजे निम्मा वेळ रस्त्यात. घोडबंदरची घरं एका दिवशी, डोंबिवली-कल्याण दुसऱ्या, वाशी-नेरुळ तिसऱ्या असं बांधून घ्या. रविवारी वाशी-नेरुळला ट्रान्स हार्बरच्या लोकलने जाणार असाल तर आदल्या दिवशी मेगाब्लॉक बघा, नाहीतर ठाणे स्टेशनातच सकाळ जाते. आणि जाण्याआधी फोन करा. कुलपाला पत्रिका अडकवून येण्यात आमंत्रणाचा मान राहत नाही.

प्रूफ घरातल्या दोन माणसांनी वेगवेगळं वाचायचं. "आमच्या येथे श्रीकृपेकरून" वगैरे मजकूर प्रेसवाल्याकडे तयारच असतो, तिथे चुका होत नाहीत. चुका होतात नावांच्या ऱ्हस्व-दीर्घात, कोणाच्या नावामागे कै. लागतं-न लागतं त्यात, आणि वारात. १० मेला कोणता वार येतो ते कॅलेंडर उघडून तपासा. दुसरं, पत्त्यात ठाणे (प.) ठळक छापून घ्या. बाहेरगावचा माणूस स्टेशनवर उतरला की कोणत्या बाजूला बाहेर पडायचं हे त्याला त्या एका अक्षरावरून कळतं. पूर्वेला कोपरीकडे उतरला आणि मुहूर्त जवळ आला असेल तर तो बिचारा थेट जेवायलाच पोचणार.

केटरर ताटांचा पक्का आकडा किती दिवस आधी मागतो ते आताच विचारून ठेवा. त्याच्या तीन-चार दिवस आधी यादी घेऊन फोनला बसायचं. "येताय ना?" असं विचारलं तर सगळेच हो म्हणतात. "किती जण येताय, गाडी कुठली?" असं विचारा, खरा आकडा मिळतो. हे काम बाबांना न देता एखाद्या बोलक्या मावशीला द्या.

छापताना यादीपेक्षा पंचवीस-तीस जास्त घ्या, नंतर थोड्याच छापायच्या म्हटलं तर महाग पडतात. त्यातल्या दोन-तीन तुमच्या कागदपत्रांच्या फाइलीत ठेवा, महापालिकेत विवाह नोंदणी करताना लग्नपत्रिका मागतात.