पाहुणा नेमका कोणाचा?

दिवाळीच्या सुट्टीनंतर या सदराकडे हॉटेल, रिसॉर्ट आणि घरगुती निवास या विषयांवरची बरीच पत्रे आली. काही पाहुण्यांची आहेत, काही मालकांची, आणि एक-दोन अशा मंडळींची आहेत जी मालक होण्याच्या उंबरठ्यावर उभी आहेत. प्रस्तुत लेखकाने घरचे लहानसे लॉज अनेक वर्षे सांभाळले असल्यामुळे उत्तरांचा तोल थोडासा मालकाच्या बाजूला झुकला, तर पाहुण्यांनी क्षमा करावी.

प्रश्न : वेळणेश्वरला आमचे वडिलोपार्जित कौलारू घर आहे आणि आईवडील तिथेच राहतात. मागीलदारच्या चार खोल्या पर्यटकांना द्याव्यात असा आम्हा नवराबायकोचा विचार आहे. बुकिंगच्या पोर्टलवर नाव घातल्याशिवाय गिऱ्हाईक फिरकत नाही असे सगळे सांगतात, आणि त्यांचे कमिशन अंगावर येते असेही तेच लोक सांगतात. आम्ही काय करावे?

उत्तर : आधी पाटीवर हिशेब मांडू. चार खोल्या आणि 365 रात्री म्हणजे वर्षाला 1,460 रूम नाइट झाल्या. किनाऱ्यावरचा धंदा शनिवार-रविवार, मे महिना, दिवाळी आणि नाताळचा आठवडा यांवर उभा असतो; पावसाळी पर्यटन वाढले असले, तरी मधल्या वारी खोल्या रिकाम्याच राहतात. म्हणून 30 टक्के खोल्या भरतील असे धरा, म्हणजे 438 रात्री. रात्रीला 2,500 रुपये दर धरला, तर वर्षाची जमा 10,95,000 रुपये होते. त्यातील निम्मे बुकिंग पोर्टलवरून आले आणि कमिशन 20 टक्के ठरले, तर 1,09,500 रुपये तिकडे जातील; त्या कमिशनवरचा 18 टक्के जीएसटी आणखी 19,710 रुपये. एकूण 1,29,210 रुपये, म्हणजे महिन्याला पावणेअकरा हजार. गावात एका मदतनीस बाईंचा पगार यातून बऱ्यापैकी निघतो.

तरीही पहिली दोन वर्षे पोर्टलवर नाव घालावे, असेच माझे मत आहे. अनोळखी घराबद्दल चार परक्या माणसांनी लिहिलेला अभिप्राय जो विश्वास देतो, तो आपण छापलेल्या पत्रकाने मिळत नाही. मात्र पोर्टलला जाहिरातीच्या जागी धरावे, व्यवस्थापकाच्या जागी नव्हे. आमच्या लॉजवर लाल कापडी बांधणीचे एक रजिस्टर असे. पाहुण्याचे नाव-गाव कायद्यासाठी त्यात लिहावे लागेच. पण माझी आई शेवटच्या रकान्यात आपले काहीबाही टिपून ठेवी : ‘आजींना जिना चढवत नाही’, ‘सोलकढी दोनदा मागितली’, ‘मुलगा मासे खात नाही, पिठले करणे’. पुढच्या मे महिन्यात त्याच घरचा फोन आला, की ती तळमजल्याची खोली आपणहून देऊ करी. असा पाहुणा दुसऱ्या खेपेला पोर्टलवर जात नाही, थेट फोन करतो. आता मोठ्या हॉटेल कंपन्या निष्ठावंत ग्राहकांच्या योजना आणि सभासद-क्रमांक यांवर जो खर्च करतात, त्याचा हेतू त्या रकान्यापेक्षा फारसा वेगळा नाही.

थेट येणाऱ्याला कमी दर देता येतो का, हा पुढचा प्रश्न तुम्हाला पडेलच. काही पोर्टलांच्या करारात अशी अट असे, की हॉटेलने स्वतःच्या संकेतस्थळावर किंवा दुसऱ्या पोर्टलवर याहून स्वस्त दर ठेवू नये. भारतीय स्पर्धा आयोगाने ऑक्टोबर 2022 मध्ये मेकमायट्रिप-गोआयबिबो समूहाला 223.48 कोटी रुपयांचा आणि ओयोला 168.88 कोटी रुपयांचा दंड ठोठावला, आणि मेकमायट्रिप समूहाला हॉटेलांबरोबरच्या करारांतून अशा समान दराच्या अटी काढण्यास सांगितले. प्रकरण पुढे अपिलात गेले. तुम्ही मात्र करारावर सही करण्यापूर्वी दरासंबंधीचे कलम शब्दशः वाचा.

घर समुद्रापासून किती अंतरावर आहे हे तुम्ही लिहिलेले नाही. ते किनारपट्टी नियमन क्षेत्रात, म्हणजे सीआरझेडमध्ये येत असेल, तर एक गोष्ट तुमच्या बाजूची आहे. जानेवारी 2019 च्या अधिसूचनेत ग्रामीण किनाऱ्यावरील स्थानिकांना राहत्या घरात घरगुती निवास चालवण्यास वाव ठेवला आहे; अट अशी, की घराचे जोते, रचना आणि दर्शनी भाग बदलता कामा नये. ‘दोन खोल्या वर चढवू’ असे गवंडी सुचवील तेव्हा हे वाक्य त्याला वाचून दाखवावे. केंद्र सरकारच्या निवास व न्याहारी योजनेतही एक ते सहा खोल्या, जास्तीत जास्त बारा खाटा आणि मालकाच्या कुटुंबाचे तिथे वास्तव्य अशाच अटी आहेत. आईवडील तिथे राहतात ही तुमची सर्वांत मोठी जमेची बाजू आहे, परंतु त्यांना विचारल्याशिवाय ती जमेला धरू नका. रात्री अकराला गाडीतून उतरून ‘सुरमई मिळेल का’ असे विचारणाऱ्या पाहुण्याला दार उघडण्याचे काम त्यांच्याच वाट्याला येणार आहे.

पैसे कशावर घालावेत, तर वातानुकूलन यंत्राआधी पाणी आणि चादरी यांवर. एप्रिलअखेर विहीर तळाला गेली किंवा पाणी मचूळ झाले, तर ऐन हंगामात टँकर मागवावा लागतो. प्रत्येक खाटेमागे चादर-उशीच्या अभ्र्यांचे तीन जोड हवेत : एक खाटेवर, एक धुण्यात, एक कपाटात. कोकणात मात्र जूननंतर दोरीवरची चादर तीन-तीन दिवस वाळत नाही आणि तिला कुबट वास धरतो, म्हणून चौथा जोड घ्या. वाईट अभिप्रायांपैकी बरेच ओल्या चादरीपासून आणि न्हाणीघरापासून सुरू होतात.

प्रश्न : महाबळेश्वरच्या एका रिसॉर्टमध्ये मी आणि माझे मेव्हणे एकाच दिवशी, शेजारशेजारच्या खोल्यांत उतरलो होतो. त्यांचे बिल माझ्यापेक्षा तब्बल अकराशे रुपयांनी कमी आले. ही सरळसरळ लूट नाही का? (पुणे)

उत्तर : लूट म्हणता येणार नाही, पण चीड येणे स्वाभाविक आहे. आजची रिकामी खोली उद्या विकता येत नाही. बंदरावरच्या बांगड्याचा भाव सकाळी एक आणि दिवेलागणीला दुसरा असतो, त्यातलाच हा प्रकार आहे. अमेरिकेत 1978 साली विमान कंपन्यांवरचे दरांचे नियंत्रण उठल्यावर त्यांनी मागणीप्रमाणे भाडे हलवण्याची पद्धत बसवली. पुढच्या दशकात ती मोठ्या हॉटेलांनी उचलली आणि आता संगणकप्रणाली स्वस्त झाल्यामुळे वीस खोल्यांचे रिसॉर्टही दिवसातून अनेकदा दर बदलते. महाबळेश्वर-पाचगणी परिसर 2001 पासून पर्यावरणीयदृष्ट्या संवेदनशील क्षेत्र असल्याने तिथे नव्या बांधकामावर मर्यादा आहेत. खोल्या मोजक्या आणि गर्दी अमाप असली, की दराचा काटा तिथे जरा जास्तच उडतो.

तथापि, अकराशे हा आकडा वाचून मला दुसरीच शंका येते. 22 सप्टेंबर 2025 पासून रात्रीला 7,500 रुपयांपर्यंतच्या खोलीवर 5 टक्के जीएसटी आहे, आणि त्यावरच्या खोलीवर 18 टक्के. मेव्हण्यांना खोली 7,500 ला पडली असेल, तर कर 375 रुपये आणि बिल 7,875. तुम्हाला तीच 7,600 ला पडली असेल, तर कर 1,368 रुपये आणि बिल 8,968. दरात फरक शंभराचा, बिलात 1,093 चा! दोन्ही बिले शेजारी ठेवून कराची ओळ पाहा. पुष्कळ ठिकाणी 7,499 असा दर दिसतो, तो बाटाच्या चपलांसारखा केवळ नजरेला बरा वाटावा म्हणून ठेवलेला नसतो. पुढच्या वेळी दर उंबरठ्याच्या जरासा वर दिसला, तर सरळ फोन करून शंभर रुपये कमी करायला सांगा. शहाणा व्यवस्थापक ऐकतो.

याच संदर्भात अनेकांनी विचारले आहे, की पूर्वीचा 12 टक्के कर 5 वर आला, मग बिल तेवढे का उतरले नाही? पूर्वी हॉटेलमालकाला साबण, चादरी, दुरुस्ती यांवर भरलेल्या कराची वजावट मिळत असे; 5 टक्क्यांच्या दरात ती मिळत नाही. तो भार काही मालकांनी मूळ दरात मिसळला.

प्रश्न : नाशिकला आमचे 22 खोल्यांचे हॉटेल आहे. 2027 च्या सिंहस्थाच्या तोंडावर एका नामांकित साखळीचे प्रतिनिधी येऊन गेले. ‘नाव आमचे, चालवणार आम्ही, तुम्ही निश्चिंत राहा’ असे ते म्हणतात. करार करावा का?

उत्तर : या धंद्यात गेल्या काही दशकांत झालेला सर्वांत मोठा बदल तुमच्या दाराशी आला आहे. 1903 साली मुंबईत ताजमहाल हॉटेल सुरू झाले, तेव्हा नाव, इमारत आणि कारभार हे सारे एकाच घराचे होते. आज मोठ्या कंपन्या स्वतः इमारती बांधण्यात पैसा गुंतवण्यापेक्षा दुसऱ्याच्या इमारतीवर आपले नाव लावणे पसंत करतात. त्याच ताजच्या मालक कंपनीने 2019 मध्ये जुने बंगले आणि मळ्यांतली घरे चालवायला घेण्यासाठी वेगळी नाममुद्रा काढली. म्हणजे मोठी माणसेही आता घरगुती निवासाच्या अंगणात उतरली आहेत.

करार साधारण तीन तऱ्हांचे असतात. नुसते नाव आणि बुकिंगची व्यवस्था घेऊन कारभार आपण पाहायचा, हा एक. कारभारही कंपनीकडे द्यायचा, हा दुसरा. कंपनीने ठरावीक भाडे किंवा उत्पन्नाचा वाटा देऊन जागाच घ्यायची, हा तिसरा. तुमच्यापुढे दुसरा आहे आणि ‘निश्चिंत राहा’ हे शब्द त्यालाच सर्वांत कमी लागू पडतात. व्यवस्थापनाच्या करारात कंपनीचे मूळ शुल्क बहुधा एकूण विक्रीवर असते आणि प्रोत्साहन शुल्क नफ्यावर. विक्री झाली पण नफा झाला नाही, अशा वर्षी कंपनीला तिचे मूळ शुल्क मिळते. विजेचे बिल, नोकरांचे पगार आणि बँकेचा हप्ता मात्र तुमच्याच खात्यातून जातो. शिवाय कंपनीच्या नमुन्याप्रमाणे गाद्या, दिवे, रिसेप्शनचे टेबल बदलण्याचा खर्च आधीच करावा लागतो, तो वेगळा.

त्यांना तीन गोष्टी लेखी विचारा. मूळ शुल्क विक्रीऐवजी नफ्याला जोडता येईल का? सलग दोन वर्षे ठरलेले उत्पन्न आले नाही, तर तुम्हाला दंड न भरता बाहेर पडता येईल का? आणि करार संपल्यावर, तुमच्या खोल्यांत उतरून गेलेल्या पाहुण्यांची यादी कोणाकडे राहील? तिसऱ्या प्रश्नाला प्रतिनिधी बहुतेक हसतील, कारण ती यादी कंपनीच्या सभासद-योजनेत जमा झालेली असते. दहा वर्षांनी पाटी उतरली, की तुमच्याकडे इमारत उरेल आणि तिथे येणारी माणसे दुसरीकडे जातील.

सिंहस्थापुरते म्हणाल, तर त्या वर्षी खोल्या भरण्यासाठी तुम्हाला कोणाच्या नावाची गरज पडू नये. तो पर्वकाळ पुन्हा यायला बारा वर्षे लागतात. त्याच्या गर्दीवर आखलेले उत्पन्नाचे कोष्टक 2028 च्या फेब्रुवारीतल्या मंगळवारी कसे दिसेल, ते कंपनीकडून मागून घ्या. द्राक्षमळ्यांकडे येणारे शनिवार-रविवारचे पर्यटक, औद्योगिक वसाहतीत कामानिमित्त येणारे अभियंते, त्र्यंबकेश्वरला विधींसाठी येणारी कुटुंबे हीच तुमची बारमाही गिऱ्हाइके आहेत. ती आज तुम्हाला नावाने ओळखत असतील, तर मी पहिल्या तऱ्हेचा करार, तोही कमी मुदतीचा, यापलीकडे जाणार नाही.

प्रश्न : दुपारी दोनला खोली द्यायची आणि दुसऱ्या दिवशी सकाळी अकराला काढून घ्यायची, हा एकवीस तासांचा ‘दिवस’ कोणत्या कायद्यात बसतो? (सोलापूर)

उत्तर : चोवीस तासांची सक्ती करणारा कायदा नाही, दराप्रमाणे वेळही कराराचाच भाग असते. मधले तीन तास सफाईचे असतात, आणि चाळीस खोल्या एकदम रिकाम्या झाल्या की तेही अपुरे पडतात. पण सकाळी सहाला रेल्वेतून उतरलेल्या पाहुण्याला रिकामी खोली असतानाही बाकड्यावर बसवून ठेवणे, हा निव्वळ आडमुठेपणा आहे. तीर्थक्षेत्री अजूनही काही लॉजवर चोवीस तासांची जुनी पद्धत चालते. फोनवर आधी विचारून घ्यावे.

प्रश्न : कर्जतजवळच्या एका रिसॉर्ट प्रकल्पात व्हिला विकत घेतल्यास विकासक दरवर्षी खात्रीने 10 टक्के परतावा देणार आहे. निवृत्तीचे पैसे गुंतवू का? (ठाणे)

उत्तर : वरचा वेळणेश्वरचा हिशेब पुन्हा वाचावा. ज्या धंद्यात 30 टक्के खोल्या भरतील की 50 टक्के, हे चालवणाऱ्यालाही सांगता येत नाही, त्यात ‘खात्रीने’ हा शब्द कोणाच्या खिशातून पुरा होणार? अनेकदा तो तुम्हीच दिलेल्या किमतीतून पहिली दोन-तीन वर्षे पुरा होतो. लोकांचे पैसे एकत्र करून परताव्याचे वचन देणाऱ्या योजना सामूहिक गुंतवणूक योजनेच्या व्याख्येत येऊ शकतात, आणि त्यांना सेबीची नोंदणी लागते. सुट्टीच्या सभासदत्वाच्या नावाखाली चाललेल्या योजनांवर सेबीने यापूर्वी कारवाई केलेली आहे. प्रकल्पाचा महारेरा क्रमांक, जमिनीचा बिगरशेती आदेश आणि सातबारा पाहिल्याशिवाय बयाणा देऊ नका. हे सर्व चोख निघाले, तरी निवृत्तीचे पैसे त्यात घालू नयेत, असेच माझे मत राहील. वर्षातून चार दिवस त्या बाजूला जावेसे वाटले, तर खोली भाड्याने घ्या, आणि शक्यतो थेट फोन करून घ्या.