अमाउतीला जॅकेट म्हणायचं का? आणि इनुइट की इनुक?

प्रश्न असा होता की 'अतानार्जुआत' या इनुइट (कॅनडाच्या अगदी उत्तरेकडचे मूळ रहिवासी) पिक्चरवर लिहिताना बायकांच्या त्या मोठ्या टोपीवाल्या कोटाला मराठीत काय म्हणू, आणि त्यातल्या एखाद्या नटीला 'इनुइट बाई' म्हटलं तर चालेल ना.

आधी सोपं घेऊ. इनुइट हे मुळात अनेकवचन, एकटा असेल तर इनुक आणि दोघं असतील तर इनूक, म्हणजे संस्कृतसारखं द्विवचन तिकडे अजून रोजच्या बोलण्यात आहे! अर्थ नुसता 'माणसं', त्यामुळे 'इनुइट लोक' हा पिवळा पीतांबरच झाला, पण आपण तोही म्हणतोच की, तेव्हा 'इनुइट अभिनेत्री' खुशाल लिहा. एस्किमो मात्र नको, कॅनडात तो शब्द अपमानाचा वाटतो.

आता कोट. त्याला अमाउती म्हणतात आणि त्याचं जॅकेट करू नका प्लीज. पाठीवर आतून एक पिशवी असते, तिचं नाव अमाउत, बाळ त्यात आईच्या पाठीला चिकटून बसतं, ते खाली घसरू नये म्हणून कमरेला बाहेरून पट्टा, आणि टोपी एवढी मोठी कारण ती दोघांच्या डोक्यावरून घ्यायची असते. शब्दाचं मूळच पोराला पाठीवर घेणं, म्हणजे आपलं पाठुंगळी.

शिवाय इथे 'वेशभूषा' म्हटलं की आपल्याला भाड्याने आणलेले ड्रेस आठवतात, तसं तिथे नव्हतं. 2001 चा हा पिक्चर पूर्ण इनुक्तितुत या इनुइटांच्या भाषेतला पहिला फीचर, उत्तर कॅनडातल्या इग्लूलिक गावाचा, आणि कपडे गावातल्या जाणत्या बायकांनी रेनडियरच्या आणि सीलच्या कातड्याचे हाताने शिवलेले, वेशभूषेत अतुआत अक्कितिर्क यांचं नाव आहे. त्याच गावात 1991 पासून अर्नाइत नावाचा बायकांचा व्हिडिओ गट आहे, अर्नाइत म्हणजे बायकाच. त्यातल्या मॅडलिन इव्हालू यांनी 2008 च्या 'बिफोर टुमॉरो'त आजीचं मुख्य काम केलं आणि दिग्दर्शनातही त्या होत्या, कपडे पुन्हा अक्कितिर्क यांचे. मला विचाराल तर आधी तो बघा, कपडे निवांत बघायला मिळतात.

तर पहिल्यांदा 'अमाउती, म्हणजे पोर पाठुंगळीला घ्यायचा कातडी अंगरखा' असं लिहा, पुढे नुसतं अमाउती. लिंग मी स्त्रीलिंगीच धरीन, ती अमाउती, त्या अमाउत्या.