माहितीपट आणि जुन्या जखमा

प्रश्न : निवासी संस्थांमधील मुलांच्या छळावर माहितीपट काढल्याने काही बदलते, की पीडितांच्या जखमांवरची खपली तेवढी निघते?

उत्तर : दोन्ही घडू शकते. आयर्लंडमध्ये १९९९ साली पत्रकार मेरी राफ्टरी यांची ‘स्टेट्स ऑफ फिअर’ ही तीन भागांची मालिका दूरचित्रवाणीवर आली. त्याच सुमारास, ११ मे रोजी, पंतप्रधान बर्टी अहर्न यांनी बालपणी छळ सोसलेल्यांची सरकारच्या वतीने माफी मागितली, आणि चौकशी आयोगाचा सविस्तर अहवाल २००९ मध्ये प्रसिद्ध झाला. मालिकेतील मुलाखतींना सरकारी दफ्तरातील कागदांचा आधार होता, हे मला महत्त्वाचे वाटते; कारण त्यामुळे सिद्धतेचा सगळा भार बोलणाऱ्यावर पडत नाही. संमती मात्र एकदाच घेऊन भागत नाही. संकलनानंतरही माघार घेण्याची मुभा असावी.