‘स्पायडरलिंग’ म्हणजे बारीक कोळ्यांची एखादी जात आहे का? मराठीत त्याला काय म्हणायचं?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा आहे: स्वयंपाकघराच्या खिडकीच्या कोपऱ्यात मोहरीच्या दाण्याएवढे शेकडो कोळी गोळा होऊन बसलेत, मुलीच्या पुस्तकात ‘स्पायडरलिंग’ हा शब्द आलाय, तर ही बारीक कोळ्यांची वेगळी जात का, आणि मराठीत तिला नाव काय?

ती जात नाही. स्पायडरलिंग म्हणजे कोळ्याचं पिल्लू. कोणत्याही जातीच्या कोळ्याचं. हा शब्द वय सांगतो, आकार सांगत नाही. त्यावरचा सगळा घोटाळा या एका गोष्टीतून होतो, म्हणून जरा सविस्तर लिहितो. गेली बरीच वर्षं मी भिंग घेऊन कोळी बघत हिंडतो, आणि हा प्रश्न मला शाळेतल्या मुलांपासून शेतकऱ्यांपर्यंत बऱ्याच जणांनी विचारलाय.

आधी शब्द. इंग्रजीत नावाला ‘लिंग’ हा प्रत्यय लावून लहानपण दाखवायची जुनी पद्धत आहे. बदकाचं पिल्लू डकलिंग, बियाण्यातून नुकतं वर आलेलं रोप सीडलिंग, तसं कोळ्याचं पिल्लू स्पायडरलिंग. आपल्याकडे प्रत्यय लावत नाहीत, वेगळा शब्दच असतो. गाईचं वासरू, म्हशीचं रेडकू, शेळीचं करडू, मेंढीचं कोकरू, घोडीचं शिंगरू, हरणीचं पाडस. ज्यांच्याशी आपला रोजचा संबंध आला त्यांच्या लेकरांना आपण नावं दिली, कोळ्याच्या लेकराला दिलं नाही. म्हणून ‘कोळ्याचं पिल्लू’ म्हणावं, ते अगदी बरोबर आहे. देवनागरीत ‘स्पायडरलिंग’ लिहिलं की त्यातला ‘लिंग’ आधी डोळ्यात भरतो, आणि हा शब्द नर-मादीबद्दल आहे असं मुलांना वाटतं. सातवीतल्या एका मुलीने मला खरंच विचारलं होतं, ‘सर, म्हणजे कोळ्याचं लिंग कसं ओळखायचं?’ तेव्हापासून मराठीत बोलताना मी पिल्लूच म्हणतो.

काही लोक पिल्लाला कोळ्याची ‘अळी’ किंवा पुस्तकी भाषेत ‘डिंभ’ म्हणतात, ते मात्र टाळा. फुलपाखराच्या अळीचं आणि फुलपाखराचं रूप एकमेकांशी जुळत नाही, मध्ये कोश लागतो. कोळ्याचं तसं नसतं. अंड्यातून निघाल्यावर पहिले काही दिवस पिल्लू अंड्यांच्या पिशवीतच असतं. तेव्हा ते पांढुरकं, अर्धवट पारदर्शक असतं, धड चालता येत नाही, आणि पोटात उरलेल्या बलकावर जगतं. बहुतेक जातींत पिल्लू तिथेच एकदा कात टाकतं आणि मग पिशवीबाहेर येतं. बाहेर येतं तेव्हा त्याला आठ पाय असतात, डोळे असतात, धागाही काढता येतो. कोळ्याची छोटी प्रतच ती. पुढे वाढ म्हणजे फक्त कात टाकत टाकत मोठं होणं.

आता वापर. काटेकोर लिहिणारे अभ्यासक ‘स्पायडरलिंग’ साधारणपणे पिशवीतून बाहेर पडलेल्या आणि अजून पांगलेल्या नसलेल्या, किंवा नुकत्याच पांगलेल्या पिल्लांसाठी ठेवतात. त्यानंतर तो ‘जुवेनाइल’, म्हणजे वाढता कोळी. शेवटची कात टाकायची राहिली असेल तर ‘सब-ॲडल्ट’, म्हणजे वयात येऊ घातलेला. शोधनिबंधात तर कितवी कात झाली त्याचा आकडाच देतात, कारण ‘पिल्लू’ म्हटल्याने नेमकं वय कळत नाही. बोलताना मात्र वयात न आलेल्या कोणत्याही छोट्या कोळ्याला स्पायडरलिंग म्हटलं तर कुणी चूक काढत नाही. परदेशात टॅरंटुला, म्हणजे मोठे केसाळ कोळी, पाळणारे लोक तोच शब्द तोडून नुसतं ‘स्लिंग’ म्हणतात. आणखी एक, हे शास्त्रीय नाव नाही. त्यामुळे ते तिरप्या अक्षरात छापत नाहीत, आणि त्याखाली कुठलं कुळ येत नाही.

मग बारीक पण पूर्ण वाढ झालेले कोळी असतात का? भरपूर. सामोआ बेटांवरचा पाटू मार्प्लेसी आणि कोलंबियातला पाटू डिगुआ या जाती बघा. पाटू डिगुआचा वयात आलेला नर सुमारे 0.37 मिलिमीटरचा भरतो. वाक्याच्या शेवटी आपण जो पूर्णविराम देतो, जवळपास तेवढा. उलट मोठ्या टॅरंटुलाचं पिशवीतून नुकतं बाहेर आलेलं पिल्लू काही मिलिमीटरचं असतं, म्हणजे पाटूच्या आजोबापेक्षा कितीतरी मोठं. तरी ते पिल्लू, आणि पाटू मात्र पूर्ण वाढलेला. युरोपात लिनिफिइडी कुळातले काही मिलिमीटरचे काळपट कोळी सर्रास दिसतात. इंग्लंडमध्ये त्यांना ‘मनी स्पायडर’ म्हणतात, तो अंगावर चढला की पैसा येतो असा तिथला समज. त्या कुळात चार हजारांहून जास्त जाती आहेत, आणि त्यांतला कुणीही केवळ बारीक आहे म्हणून स्पायडरलिंग ठरत नाही.

आपल्याकडे हा गोंधळ बघायचा असेल तर पावसाळा सरताना सह्याद्रीत जा. आंबोली, कोयना, महाबळेश्वर, कुठेही. वाटेवर आडवं पसरलेलं भलंमोठं सोनेरी झाकेचं जाळं दिसेल आणि मधोमध तळहाताएवढी काळी-पिवळी मादी. तिला जायंट वूड स्पायडर म्हणतात, शास्त्रीय नाव नेफिला पिलिपेस. आता पाच मिनिटं तिथेच थांबा आणि जाळ्याच्या वरच्या भागात बघा. तांबूस रंगाचा, जेमतेम पाच-सहा मिलिमीटरचा एक कोळी दबकत बसलेला असतो. माझ्याबरोबर आलेल्या जवळजवळ प्रत्येकाने त्याला ‘तिचं पिल्लू’ म्हटलंय. तो तिचा नर असतो. पूर्ण वयात आलेला. जाळ्याच्या कडेला चांदीच्या थेंबासारखे चमकणारे आणखी बारीक कोळीही बहुधा दिसतात. ते आर्जिरोडिस. तिची पिल्लं नव्हेत, नरही नव्हेत. वेगळ्याच प्रजातीचे, तिच्या जाळ्यात अडकलेल्या बारीक किड्यांवर हात मारणारे. एकाच जाळ्यात तीन आकारांचे कोळी, तिघेही मोठे झालेले, आणि पिल्लू त्यात एकही नाही.

मग पिल्लू ओळखायचं कसं? भिंगातून तोंडाजवळ बघा. पायांच्या पुढे पायासारखेच दोन आखूड अवयव असतात, त्यांना पाल्प म्हणतात. वयात आलेल्या नराच्या पाल्पांची टोकं फुगलेली असतात, हातात मुष्टियोद्ध्याचे मोजे घातल्यासारखी. वर सांगितलेल्या त्या तांबूस नराला ती स्पष्ट दिसतात. वयात आलेल्या मादीच्या पोटाखाली, बहुतेक जातींत, एक छोटी कठीण चकती तयार झालेली असते. या दोन्हींपैकी काहीच नसेल, रंग फिका असेल, आणि अंगाच्या मानाने डोकं मोठं वाटत असेल, तर ते पिल्लू समजायला हरकत नाही.

दुसरा घोटाळा खास मराठीतला आहे आणि तो मला जास्त महत्त्वाचा वाटतो. शेतीच्या भाषेत ‘लाल कोळी’ म्हणतात ना, वांग्यावर, भेंडीवर, गुलाबावर पानाच्या मागे अगदी बारीक जाळी करून रस शोषणारा, तो कोळी नव्हेच. तो माइट. गोचिडाच्या नात्यातला. नारळावरचा इरिओफाइड कोळीही तसाच माइट. नाव कोळी पडलं, म्हणून ‘पानावर कोळ्याची पिल्लं झालीत’ असं लोक म्हणतात. फरक पायांवरून कळतो: लाल माइटचं आणि गोचिडाचं अंड्यातून निघालेलं बाळ सहा पायांचं असतं, पुढच्या कातीत त्याला आठ होतात. म्हणून त्यांच्या बाबतीत ‘डिंभ’ हा शब्द शोभतो. खऱ्या कोळ्याच्या पिल्लाला सुरुवातीपासून आठ पाय. मृगाच्या पहिल्या पावसात जमिनीवर फिरणारा लाल मखमली मृगाचा किडा आठवा. तोही माइटच, मोठ्या आकाराचा. तोही कोळी नाही आणि कोळ्याचं पिल्लूही नाही.

शेतकऱ्याच्या दृष्टीने हे नुसतं शब्दांचं भांडण नाही. भातखाचरात पार्डोसा स्यूडोॲन्यूलाटा नावाचा लांडगा-कोळी असतो. तो जाळं विणत नाही, पळून शिकार करतो, आणि तपकिरी तुडतुड्यांचा मोठा शत्रू आहे. त्याची पिल्लंही तुडतुड्यांची पिल्लं खातात. ‘कोळी झालेत’ एवढं ऐकून कुणी फवारणी केली तर पिकाच्या बाजूने लढणारे मरतात. म्हणून मला कुणी पान दाखवलं की मी पहिला प्रश्न हाच विचारतो: पळतायत का? रस शोषणारा लाल माइट पानाला चिकटून रेंगाळतो, कोळ्याचं पिल्लू हात लागला की सुटतं नाहीतर धाग्याला लटकतं.

लांडगा-कोळ्याची आई एकदा तरी बघायला हवी. अंड्यांची गोल पिशवी ती पाठीमागे, धागे निघतात तिथे चिकटवून ओढत फिरते. वेळ झाली की पिशवीची शिवण स्वतः उसवते आणि पिल्लं तिच्या पाठीवर चढतात, थरावर थर. रात्री कपाळावर टॉर्च लावून गवतात बघितलं की कोळ्याचे डोळे हिरवट चमकतात. एकदा असाच एक ठिपका चमकला, म्हणून वाकलो, तर एकाच्या जागी कितीतरी बारीक ठिपके लुकलुकत होते. आईच्या पाठीवरच्या लेकरांचे डोळे. मी वहीत काहीही न लिहिता नुसता बसून राहिलो होतो.

आणि घरात? न्हाणीघराच्या कोपऱ्यात लांब काटकुळ्या पायांचा कोळी उलटा लटकलेला असतो, तो बहुतेक घरांत आहे. जळमट काढताना आपण त्याला झाडूने ओढतो. पुढच्या वेळी आधी तोंडाकडे बघा. मादी असेल तर अंड्यांचा फिकट घोस दोन-चार धाग्यांनी बांधून तोंडात धरलेला दिसेल, आणि तोंड अडकल्यामुळे ती त्या काळात फारसं खात नाही. आमच्याकडच्या एकीला मी रोज दात घासताना बघायचो. अंडी गडद झाली, मग घोसातून केसांसारखे पाय बाहेर आले, आणि दुसऱ्या दिवशी पिल्लं जाळ्यात तिच्याभोवती लटकलेली. काही दिवसांनी एकेक करत निघून गेली. खाली त्यांची कात तेवढी राहिली, फुंकरीने उडेल अशी.

आईपणाची टोकं याहून पुढची आहेत. दख्खनच्या कोरड्या माळावर काटेरी झुडपांत एकत्र राहणारे स्टेगोडायफस सारासिनोरम नावाचे कोळी आहेत. त्यांच्या माद्या पोटातलं अन्न बाहेर काढून पिल्लांना भरवतात, आणि शेवटी पिल्लं त्यांनाच खाऊन मोठी होतात. 2018 साली चिनी संशोधकांनी मुंगीसारख्या दिसणाऱ्या टॉक्सियस मॅग्नस या उडी मारणाऱ्या कोळ्यात तर दूधच दाखवून दिलं. मादीच्या पोटाखालून स्रवणारं ते दूध पिल्लं स्वतः शिकार करायला लागल्यावरही, सुमारे चाळीस दिवसांची होईपर्यंत, पितात.

आता तुमच्या खिडकीकडे. शेकडो पिल्लं एका गोळ्यात बसलेली असतील तर ती बहुधा गोल जाळं विणणाऱ्या कोळ्याची असावीत. हलकी फुंकर मारून बघा. गोळा फुटून सगळी धाग्यांवरून पांगतील आणि थोड्या वेळाने पुन्हा एकत्र येतील. ती माणसाला काही करत नाहीत. दोन-तीन दिवसांत किंवा आठवडाभरात त्यांची जायची वेळ येईल. पिल्लू उंच टोकावर चढतं, पाय ताठ करून चवड्यांवर उभं राहतं, पोट वर करतं आणि धागा हवेत सोडतं. रुईची म्हातारी उडते तसं तेही उडून जातं. 1832 साली डार्विनच्या जहाजावर, किनाऱ्यापासून कित्येक मैल आत समुद्रात, असे हजारो कोळी येऊन पडले होते. 1883 च्या ज्वालामुखीच्या स्फोटाने होरपळलेल्या क्राकाटोआ बेटावर दुसऱ्या वर्षी गेलेल्या अभ्यासकांना जिवंत असं काय सापडलं, तर जाळं विणत बसलेला एक बारीक कोळी. वाऱ्याखेरीज हवेतला विद्युतभारही त्यांना उचलतो, हे ब्रिस्टल विद्यापीठातल्या दोघा संशोधकांनी 2018 मध्ये दाखवलं. आणि इथेही तीच अट लक्षात ठेवा: लहान आकाराचे वयात आलेले कोळीसुद्धा असेच उडतात, त्यामुळे उडताना दिसला म्हणजे पिल्लूच असं नाही.

खिडकी थोडी उघडी ठेवा आणि सकाळी ऊन चढायला लागल्यावर, नऊ-दहाच्या सुमाराला, मुलीला भिंग देऊन तिथे बसवा. मागे काळा कागद धरलात तर धागा सुटताना दिसेल.