अहवाल म्हणतो लोह पुरेसं, ऊस म्हणतो नाही

प्रश्न : शिरोळ तालुक्यात आमचं दोन एकर काळं रान आहे. जुलैत आडसाली ऊस लावला. आता शेंड्याची पानं पिवळी-पांढरी पडतायत. दोनदा युरिया टाकला, फरक नाही. माती तपासली : सामू (पीएच) 8.4, सेंद्रिय कर्ब 0.42 टक्के, चुनखडी 12 टक्के, लोह 5.8 पीपीएम (दहा लाख भागांत 5.8 भाग), शेरा ‘पुरेसे’. दुकानदार आणखी खत सुचवतो. काय करू? माती मी खुरप्यानं बांधाकडच्या चार ठिकाणची काढली होती.

उत्तर : मला सगळ्यात खटकलं ते तुमचं शेवटचं वाक्य. ते खुरपं गंजकं होतं का? गंज मातीत उतरला की लोह फुगून दिसतं. पुरेशी पातळी 4.5 पीपीएमच्या वर धरतात, म्हणजे तुमचा ‘पुरेसे’ शेरा तसा काठावरचाच. त्यात बांधाकडची माती म्हणजे रानाची नव्हे.

मीही यात फसलोय. हातकणंगल्याच्या आमच्या रानाचा पहिला नमुना मी म्हशीच्या आंबोणाच्या जस्ती बादलीत कालवला. अहवालात जस्त भरपूर आलं, मी खुशीत झिंक सल्फेट बंद केलं, आणि पुढच्या मक्याच्या पानांवर पांढरे पट्टे उमटले. थोरला भाऊ अजून सगळ्यांसमोर ती बादली काढतो.

आता उसाकडं बघा. नत्र कमी पडलं तर खालची जुनी पानं आधी पिवळी होतात. तुमच्याकडं शेंड्याचं कोवळं पान पिवळं आहे. ते उन्हाकडं धरा. शिरा हिरव्या आणि मधले पट्टे फिके दिसले तर तो केवडा, लोहाची कमतरता. चुनखडीच्या रानात लोह मातीत असूनही मुळांना मिळत नाही. तिथं युरियाची तिसरी गोण म्हणजे दुकानदाराची दिवाळी.

सध्या 15 लिटरच्या पंपाला 75 ग्रॅम हिराकस (फेरस सल्फेट, म्हणजे लोहाचं खत) घेऊन संध्याकाळी फवारा, आठवड्यानं पुन्हा. जमिनीतून द्यायचं तर एकरी 10 किलो हिराकस दहापट शेणखतात मुरवून सरीत द्या. नुसतं विस्कटलं तर चुना गिळून टाकतो. कर्ब 0.5 च्या खाली आहे, म्हणजे कमीच, तेव्हा तोडणीनंतर पाचट पेटवू नका, रानातच कुजू द्या. आणि शेजारी सांगेल म्हणून जिप्सम आणू नका. ते चोपण रानाचं, म्हणजे मातीच्या कणांना चिकटलेलं (विनिमययोग्य) सोडियम 15 टक्क्यांवर गेलेल्या रानाचं औषध आहे.

नवा नमुना तोडणीनंतर, खत टाकण्याआधी घ्या. नागमोडी चालत दहा-बारा ठिकाणी वीतभर खोल इंग्रजी ‘व्ही’सारखा खड्डा घ्या आणि त्याच्या कडेची माती लाकडी फळीनं खरवडा. बांध, उकिरडा, झाडाखालची जागा सोडा. सगळी माती गोणपाटावर नव्हे, स्वच्छ प्लॅस्टिकवर ओता, चार वाटे करा, समोरासमोरचे दोन टाका. अर्धा किलो उरेपर्यंत हेच. सावलीत वाळवा. युरियाच्या रिकाम्या पिशवीत भरलीत तर मला पुन्हा पत्र लिहावं लागेल!

प्रश्न : राजारामपुरीत गच्चीवर वीस कुंड्या आहेत. माती तपासून घ्यावी का?

उत्तर : नको. प्रत्येक कुंडीतली माती वेगळी, वीस नमुने कोण करणार? कडेला पांढरा थर धरतोय का ते बघा. बोअरचं पाणी घालत असाल तर तो क्षार आहे. पावसाळ्यात कुंड्या उघड्यावर ठेवा, पावसानं तो धुऊन जाईल. तळाचं भोक मात्र मोकळं असू द्या.